केसपेपरवर कामाची ओळ हवी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीतला युरिक ॲसिडवरचा लेख वाचला. मटण, मासे, बिअर, लठ्ठपणा, पाणी कमी पिणं अशी सगळी कारणं त्यात आली. एक राहिलं, ते म्हणजे शिसं. ते का राहू नये, हे सांगायला हे पत्र.

मी हडपसरला एका कंपनीत मेडिकल कोडर आहे. अमेरिकेतल्या डॉक्टरांनी लिहिलेली टिपणं वाचायची आणि प्रत्येक आजाराला आयसीडीच्या, म्हणजे आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या, यादीतला कोड द्यायचा, हे माझं नऊ वर्षांचं काम. त्या कोडवर तिथली विमा कंपनी बिल मंजूर करते. दोन वर्षांपूर्वी माझ्या एका चार्टला ऑडिटमध्ये एरर लागली. निदान होतं शिशामुळे झालेला जुनाट गाऊट (युरिक ॲसिड साठून सांधे सुजण्याचा आजार), उजवं पाऊल, युरेटच्या म्हणजे साठलेल्या युरिक ॲसिडच्या गाठींसह. मी कोड दिला एम१ए.१७११. तो बरोबर होता, पण क्रम चुकला होता. एम१ए.१ या गटाखाली सूचनाच छापलेली आहे, की आधी शिशाच्या विषबाधेचा कोड, म्हणजे टी५६.०, लावा आणि मग गाऊटचा. मी उलट लावले होते.

त्या टी५६.० मध्ये पुढचा एक आकडा विषबाधा कशी झाली ते सांगतो. १ म्हणजे अपघाताने, २ म्हणजे स्वतःहून, ३ म्हणजे दुसऱ्याने केलेली, ४ म्हणजे ठरवता न आलेली. टिपणात काहीच लिहिलेलं नसेल तर अपघात धरायचा, असा नियम आहे. तो १ टाइप करताना माझा हात थांबला, कारण अण्णा आठवले.

माझे वडील तेवीस वर्षं सातारा जिल्ह्यातल्या एका छोट्या छापखान्यात खिळे जुळारी होते, म्हणजे धातूची सुटी अक्षरं (खिळे) एकेक करून मजकूर जुळवायचे. खिळ्यांचा धातू म्हणजे मुख्यतः शिसं, त्यात थोडं अँटिमनी आणि कथील. लग्नपत्रिका, पावतीपुस्तकं, निवडणुकीची पत्रकं, सगळं त्यांच्या हातून जुळलं. केसच्या, म्हणजे खिळे ठेवायच्या पेटीच्या, घरांत साचलेली राखाडी धूळ फुंकून उडवायची आणि मग खिळे उचलायचे. झिजलेले खिळे मागच्या पत्र्याच्या शेडमध्ये वितळवायचे. डबा तिथेच उघडायचा. हात धोतराला पुसले की झालं. लहानपणी त्यांची बोटं मला पेन्सिलीच्या शिशासारखी दिसायची. पेन्सिलीत शिसं नसतं, ग्रॅफाइट असतं, हे पुढे शाळेत कळलं. अण्णांच्या बोटांवर मात्र ते खरोखरच होतं.

पन्नाशी ओलांडल्यावर त्यांच्या पायाचा अंगठा पहिल्यांदा सुजला. रात्री चादरीचा स्पर्श सहन होईना. तपासणीत युरिक ॲसिड वाढलेलं निघालं आणि मटण-दारू बंद करा, असं सांगण्यात आलं. अण्णांच्या गळ्यात तुळशीची माळ आहे. आमच्या घरात मटण कधी शिजलं नाही, दारूचा तर प्रश्नच नाही. मग डाळ बंद झाली, पालक बंद झाला. पाच-सहा वर्षांनी रक्तातलं क्रिएटिनिन वाढलं, म्हणजे मूत्रपिंडंही बिघडू लागली. आज उजव्या पायाच्या बोटाशी हरभऱ्याएवढी पांढरी गाठ आहे. इतक्या वर्षांत चार डॉक्टर झाले. फाइल जाड आहे, आणि त्या सबंध फाइलमध्ये अण्णा काय काम करायचे ते एकाही कागदावर नाही. मी पान-पान पाहिलं आहे.

शिसं मूत्रपिंडातल्या सूक्ष्म नलिकांना इजा करतं, त्यामुळे युरिक ॲसिड लघवीवाटे नीट बाहेर पडत नाही आणि सांध्यांत साठतं. काम सुटल्यावर रक्तातलं शिसं उतरतं. हाडांत बसलेलं मात्र दशकानुदशकं राहतं आणि हळूहळू झिरपत राहतं. म्हणून निवृत्त माणसाच्या नुसत्या आजच्या रक्ततपासणीवर भागत नाही, त्याला जुनं काम विचारावं लागतं. हे ज्ञान नवं नाही. लंडनमध्ये आल्फ्रेड गॅरड या डॉक्टरांना एकोणिसाव्या शतकातच दिसलं होतं, की त्यांच्याकडच्या गाऊटच्या रुग्णांत नळकाम आणि रंगकाम करणारे बरेच आहेत. अमेरिकेच्या दक्षिणेत मोटारीच्या जुन्या रेडिएटरमधून चोरून गाळलेली दारू पिणाऱ्यांना हाच गाऊट व्हायचा, कारण रेडिएटरच्या डागकामात शिसं असे.

अण्णांचा आजार शिशामुळेच झाला, असं मी म्हणत नाही. तो अधिकार माझा नाही, आणि माझ्या कामाचा पहिला नियमही तोच आहे. टिपणात एका पानावर गाऊट असेल आणि दुसऱ्या पानावर बॅटरी कारखान्यातली नोकरी असेल, तरी मी दोन्ही जोडून एम१ए.१ देऊ शकत नाही. डॉक्टरने ‘शिशामुळे’ असं लिहिलेलं हवं. फार तर मी क्वेरी पाठवून विचारू शकते. तो एक शब्द नसेल तर तो आजार साधा गाऊट म्हणून नोंदला जातो आणि शिसं कागदावरून पुसलं जातं. आपल्या इस्पितळांच्या नोंदींसाठी असलेल्या जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मध्येही एम१०.१ हा कोड शिशाच्या गाऊटचाच आहे. पण कामच विचारलं नाही तर तो कोणाला मिळणार?

कायद्याने हे कधीच ओळखलं आहे. २०२५ पर्यंत लागू असलेल्या १९४८ च्या कारखाने कायद्याच्या तिसऱ्या अनुसूचीत, कळवणं बंधनकारक असलेल्या आजारांत, पहिलंच नाव शिशाच्या विषबाधेचं होतं आणि तिच्या पुढच्या परिणामांचाही त्यात समावेश होता. कारखान्यात काम करणाऱ्या किंवा पूर्वी केलेल्या रुग्णात असा आजार दिसला, तर डॉक्टरने मुख्य कारखाना निरीक्षकांना लेखी कळवावं, असं त्यातलं कलम ८९ सांगत असे. अण्णांच्या प्रेसमध्ये सहाच माणसं होती, तेव्हा ती कदाचित कारखान्यात मोडतही नसेल. म्हणून तर केसपेपरची ओळ मला जास्त महत्त्वाची वाटते.

डॉक्टरांना माझी हात जोडून विनंती आहे. गाऊटच्या रुग्णाला, विशेषतः मूत्रपिंडही बिघडलेलं असेल तर, ‘काय खाता’ याच्या आधी ‘काय काम केलंत’ हे विचारा आणि उत्तर लिहून ठेवा. जुन्या बॅटऱ्या फोडणारे, रेडिएटर डागणारे, जुना रंग खरवडणारे आजही तुमच्या बाकावर बसलेले असतात. आणि आपल्या वृत्तपत्राला विनंती, की एके काळी आपलाही अंक ज्यांनी खिळ्या-खिळ्याने जुळवला, त्या माणसांपैकी जे हयात आहेत त्यांची विचारपूस करावी.

येत्या मंगळवारी अण्णांना मूत्रपिंडाच्या डॉक्टरांकडे न्यायचं आहे. फाइलच्या पहिल्या पानावर मी एक कागद टाचला आहे: ‘१९६८ ते १९९१, खिळे जुळारी, जुने खिळे वितळवण्याचंही काम.’ अण्णांनी तो चष्मा लावून वाचला, पेन मागितलं आणि खाली स्वतःच्या अक्षरात भर घातली: ‘शेडला खिडकी नव्हती.’

आपली,
एक वाचक, हडपसर, पुणे