मे महिन्यातला आंब्याचा टार्ट

चि. सोन्या,

अनेक आशीर्वाद.

येत्या रविवारी आंब्याचा टार्ट करणार म्हणालास, म्हणून सगळं लिहून पाठवते. फोनवर सांगितलेली प्रमाणं निम्मी सुटतात. हा कागद ओट्याजवळ भिंतीला लाव आणि आधी एकदा शेवटपर्यंत वाच.

खाली मैद्याची भाजलेली पारी, मध्ये कस्टर्ड आणि वर आंबा असे टार्टचे तीन भाग असतात आणि उष्णतेच्या बाबतीत तिघांची तीन तऱ्हा. पारी ओव्हनमध्ये जाईपर्यंत गार राहिली पाहिजे. कस्टर्ड खळखळून उकळलं पाहिजे. आणि आंब्याला विस्तव दाखवायचाच नाही. म्हणून तिन्ही गोष्टी वेगवेगळ्या करायच्या आणि शेवटी जुळवायच्या. पारी आणि कस्टर्ड शनिवारी रात्री करून ठेव. आंबा रविवारी, वाढायच्या दोन तास आधी.

भांडं 23 सेंमी व्यासाचं, अडीच सेंमी उंच, कातरलेल्या काठाचं आणि सुट्या तळाचं घे. अखंड तळाच्या भांड्यातून टार्ट अख्खा बाहेर निघत नाही. वजनकाटा हवाच. वाटीने मोजलेला मैदा एकदा दाबून भरला जातो, एकदा सैल, आणि 200 ग्रॅमचे सहज 240 होतात.

पारीला 200 ग्रॅम मैदा, 100 ग्रॅम लोणी, 60 ग्रॅम पिठीसाखर, एका अंड्याचा पिवळा बलक आणि एक ते दीड टेबलस्पून बर्फाचं पाणी. लोणी म्हणजे बिनमिठाचं बटर. घरात नेहमीचं पिवळं अमूल असेल तर तेही चालेल, ते खारं असतं एवढं लक्षात ठेव आणि पिठात वेगळं मीठ घालू नको. बिनमिठाचं असेल तर दोन चिमटी मीठ घाल.

शंकरपाळीला आपण मोहन का घालतो, ते तुला माहीत आहे. तूप पिठाच्या कणाकणाला लागलं की पाणी आत शिरायला वाव राहत नाही, पीठ चिवट होत नाही आणि शंकरपाळी खुसखुशीत होते. टार्टच्या पारीत तेच घडतं. फरक एवढाच की इथे मोहन कडकडीत गरम न घालता थंडगार घालायचं, कारण ते लाटेपर्यंत घट्ट राहायला हवं. मे महिन्यात खरी अडचण इथेच येते. लोणी वीस अंशांच्या वर मऊ पडायला लागतं आणि तिशी ओलांडली की पाघळतंच. म्हणून मैदासुद्धा अर्धा तास फ्रीजमध्ये ठेव. काम रात्री उशिरा किंवा पहाटे कर, दुपारी मुळीच नको.

मैदा आणि पिठीसाखर एकत्र चाळून घे. त्यात लोण्याचे सेंटिमीटरभर तुकडे टाक आणि नुसत्या बोटांच्या टोकांनी चोळ. तळहात लावू नको, तो गरम असतो. मिश्रण जाड रव्यासारखं दिसलं की थांब. मग बलक आणि पाणी घालून फक्त गोळा जमव. पोळीच्या कणकेसारखं मळायचं नाही. जितकं मळशील तितकं ग्लूटेन, म्हणजे पिठाला चिवट करणारं प्रथिन, ताणलं जातं आणि भाजताना पारी आक्रसून भांड्याच्या काठावरून खाली घसरते. गोळ्याला थोड्या भेगा असल्या तरी चालतील. चपटी चकती थाप, प्लास्टिकमध्ये गुंडाळ आणि तासभर फ्रीजमध्ये ठेव.

मध्येच पीठ चिकट, तेलकट वाटायला लागलं तर हात मैद्याच्या डब्याकडे जातो. तो जाऊ देऊ नको. लोणी पाघळलंय, पीठ कमी पडलेलं नाही. जास्तीच्या मैद्याने पारी कडक, बिस्किटासारखी होते. वीस मिनिटं फ्रीजमध्ये ठेवलं की पीठ पुन्हा ताळ्यावर येतं.

लाटताना चकती दोन बेकिंग पेपरांमध्ये ठेव आणि मधून बाहेर लाट. तीन मिलिमीटर जाडी, साधारण 29 सेंमीचं वर्तुळ. एक कागद सोडव, पारी भांड्यावर उलटी घाल, दुसरा कागद काढ. आता सैल सोडत सोडत ती कोपऱ्यात बसव. ओढून ताणून बसवलेली पारी भाजताना हमखास मागे येते. काठावरचं जास्तीचं कापून टाक, पण लिंबाएवढा गोळा फ्रीजमध्ये जपून ठेव. तळाला काट्याने टोचे मार आणि भांडं वीस मिनिटं फ्रीझरमध्ये सरकव.

तुझा ओटीजी, म्हणजे ओट्यावरचा छोटा विजेचा ओव्हन, दिवा विझला की तापला असं समजू नको. वरखालच्या दोन्ही रॉडवर 180 अंशांना वीस मिनिटं पूर्ण तापू दे. पारीवर बेकिंग पेपर चुरगळून पसर आणि त्यात राजमा किंवा हरभरे अगदी काठापर्यंत भर. नुसते तळाला पसरलेस तर बाजूच्या भिंती ढासळतात. मधल्यापेक्षा एक घर खाली ठेवून वीस मिनिटं भाज. मग कागदासकट कडधान्य काढ आणि आणखी बारा ते पंधरा मिनिटं भाज, मध्ये भांडं एकदा फिरव, कारण ओटीजीत मागची बाजू लवकर रंगते. पंख्याचा कन्व्हेक्शन असेल तर 165 पुरे. ते कडधान्य पुन्हा शिजवायच्या उपयोगाचं नाही, गार करून वेगळ्या बरणीत ठेव, दरवेळी हेच वापर.

रंग पूर्ण तळलेल्या शंकरपाळीसारखा यायला हवा, तळालासुद्धा. फिकट पारी सुंदर दिसते पण आतून कच्ची असते आणि कस्टर्ड पडलं की तासाभरात ओली होते. घरी केलेल्या टार्टमध्ये सगळ्यात जास्त वेळा बिघडतं ते हेच. चीर पडली असेल तर जपलेल्या गोळ्यातलं पीठ बोटाने लिंपून दोन मिनिटं परत भाज. पारी गरम असतानाच अंड्याच्या पांढऱ्याचा पातळ हात फिरव आणि पुन्हा दोन मिनिटं आत ठेव. त्याचा पापुद्रा धरतो आणि ओल खाली उतरत नाही.

आता कस्टर्ड. फ्रेंच लोक याला क्रेम पातिसिएर म्हणतात. वाटीत घेऊन खायच्या कस्टर्डपेक्षा हे बरंच घट्ट असतं, सुरीने कापल्यावर उभं राहावं इतकं. अर्धा लिटर म्हशीचं किंवा फुल क्रीम दूध, चार बलक, 75 ग्रॅम साखर, 45 ग्रॅम कॉर्नफ्लोअर, शेवटी 25 ग्रॅम लोणी आणि अर्धा चमचा व्हॅनिला. एरवी साखर 100 ग्रॅमपर्यंत घालतात, पण वर हापूस आहे. वेलची घालू नको, ती आंब्याच्या वासावर चढते. आमरस मिसळायचा मोहही टाळ, त्यातल्या पाण्याने कस्टर्ड सैल पडतं.

जाड बुडाच्या पातेल्यात दूध कडेला बुडबुडे येईपर्यंत तापव. तोवर बलक आणि साखर फेटून त्यात कॉर्नफ्लोअर गुठळी न राहता मिसळ. साखर बलकावर टाकून तशीच ठेवू नको, बलकाचे कडक कण होतात आणि ते नंतर विरघळत नाहीत. गरम दुधातलं पळीभर आधी बलकात ओत, ढवळत ढवळत. मग आणखी दोन पळ्या. त्यानंतर सगळं परत पातेल्यात आणि मध्यम आंचेवर. इथून पुढे हात थांबवायचा नाही. तारेच्या फेटणीने ढवळ आणि मधूनमधून कालथ्याने कोपरे खरवड, कारण बूड लागतं ते कोपऱ्यातच.

दोन-तीन मिनिटांत ते एकदम घट्ट होईल. बहुतेकजण इथे घाबरून गॅस बंद करतात, आणि चूक होते ती नेमकी इथे. मधोमध मोठे बुडबुडे फुटायला लागल्यावरही पूर्ण एक मिनिट उकळू दे. बलकात स्टार्च पचवणारं एक एन्झाइम असतं. ते उकळीशिवाय मरत नाही. जिवंत राहिलं तर रात्रभरात कॉर्नफ्लोअरचा घट्टपणा खाऊन टाकतं, आणि रात्री घट्ट दिसलेलं कस्टर्ड सकाळी ताकासारखं होतं. अंडं फाटेल ही भीती नको. नुसत्या बलकाचं कस्टर्ड 85 अंशांच्या आसपास फाटतं, पण इथे स्टार्च बलकाला सांभाळतो.

उतरवल्यावर लोणी आणि व्हॅनिला घाल, गाळणीतून गाळ आणि परातीत पातळ पसर, म्हणजे लवकर निवेल. प्लास्टिकची फिल्म थेट कस्टर्डला चिकटवून लाव, नाहीतर साय धरते आणि तिच्या गुठळ्या होतात. वाफ निघून गेली की लगेच फ्रीजमध्ये. पारी मात्र फ्रीजमध्ये नको, पूर्ण गार झाल्यावर घट्ट झाकणाच्या डब्यात बाहेरच ठेव.

पाहुण्यांत कोणी अंडं खात नसेल तर आधीच विचारून घे. तेव्हा पारीत बलकाऐवजी दोन टेबलस्पून थंड दूध, पांढऱ्याऐवजी 40 ग्रॅम वितळवलेल्या व्हाइट चॉकलेटचा हात, आणि अर्ध्या लिटर दुधाला 50 ग्रॅम कस्टर्ड पावडर. पाकिटावरचं प्रमाण पातळ कस्टर्डचं असतं, टार्टला साधारण दुप्पट लागतं. पावडर पाव कप थंड दुधात कालवून मग उकळत्या दुधात घाल, आणि तीही मिनिटभर उकळ, नाहीतर कच्च्या पिठाची चव राहते. ही पावडर म्हणजे रंग आणि वास घातलेलं कॉर्नफ्लोअरच. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड नावाच्या केमिस्टने 1837 मध्ये ती केली, कारण त्याच्या बायकोला अंडं सोसत नव्हतं. त्यामुळे बिनअंड्याचं कस्टर्ड म्हणजे नकली, असं कोणी म्हटलं तर ऐकून घेऊ नको.

हापूस मध्यम आकाराचे चार आण. लागतात तीनच, चौथा साक्यासाठी, म्हणजे एखादा आतून खराब निघाला तर. वरून निर्दोष दिसणारा हापूस आतून पांढरट, स्पंजासारखा निघू शकतो आणि ते सालीवरून कळत नाही. म्हणून मांडायला सुरुवात करण्याआधी सगळे कापून बघ. देठाशी वास हवा, पण फळ दाबल्यावर बोट रुतायला नको. पूर्ण पिकून मऊ झालेल्याचा रस छान, फोडी नाहीत. पायरी रसाळ असतो, तो इथे उपयोगाचा नाही. केसर चालेल. आंबे तासभर फ्रीजमध्ये ठेवून सोल, बाठीच्या दोन्ही बाजूंचे गाल काढ आणि आडवे तीन-चार मिलिमीटरचे काप कर. काप स्वच्छ फडक्यावर ठेवून टिपून घे.

दुसरी फळं मिसळायची असतील तर लिची किंवा बी काढलेली काळी द्राक्षं घे. कच्चा अननस आणि पपई कस्टर्डवर ठेवू नको. त्यांची एन्झाइमं दुधातली प्रथिनं तोडतात, कस्टर्ड कडू लागतं आणि पाणी सुटतं. कलिंगड तर नकोच.

रविवारी कस्टर्ड फेटणीने चार-पाच वेळा हलवून मऊ कर. मिक्सर किंवा इलेक्ट्रिक बीटर लावू नको, जमलेला स्टार्च मोडून ते पातळ होतं. पारीत भरून सपाट कर. काप बाहेरच्या कडेपासून आत, एकावर एक थोडे चढवत लाव. मध्यावर लहान, लवचीक काप गुंडाळून बसव.

चकाकीसाठी जिलेटिन नको. ते तिशीतच विरघळतं, मे महिन्यात टेबलावर पोचेपर्यंत ओघळ येतील. चायनाग्रास घे. 150 मिली पाण्यात एक ग्रॅम पूड आणि दोन चमचे साखर दोन मिनिटं उकळ, जरा निवू दे आणि पातळ असतानाच ब्रशने लाव. एकदा जमलेलं चायनाग्रास 85 अंशांपर्यंत वितळत नाही, म्हणून भांड्यातच जमलं तर परत उकळून घे.

तासभर फ्रीजमध्ये ठेवून वाढ. सुरी गरम पाण्यात बुडवून, पुसून काप, म्हणजे फोडी ओढल्या जात नाहीत. एवढ्या उन्हाळ्यात टार्ट तासाभरापेक्षा जास्त बाहेर ठेवू नको, दूध-अंड्याचा पदार्थ आहे. उरलेला दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत खाऊन टाका. पारी थोडी मऊ पडेल, चव जात नाही.

आंबे शुक्रवारीच आणून ठेव आणि रोज वास बघ. काही अडलं तर शनिवारी कस्टर्ड आंचेवर ठेवण्याआधी फोन कर. एकदा ठेवलंस की फोन उचलू नको, माझाही.

तुझी,
आई