‘तांत्रिक कारण’ म्हणजे नेमके कोण?

मा. संपादक, स. न.

रविवारच्या पुरवणीतला माहितीपटकार आनंद पटवर्धनांवरचा अर्धपानी लेख वाचला. ‘निर्भीड’, ‘सत्तेला प्रश्न विचारणारा’... विशेषणांत कुठे हात आखडता घेतलेला नाही, अभिनंदन. ‘राम के नाम’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही दूरदर्शन तो दाखवेना, शेवटी कोर्टाच्या आदेशाने १९९७ साली दाखवावा लागला; पुढच्या एका माहितीपटासाठी तर २००६ साली सर्वोच्च न्यायालयाला सांगावं लागलं, हे सगळं नीट आलंय. दूरदर्शनला झोडपायला आता कुणाचं काय जातं म्हणा!

पण साहेब, गेल्या ऑगस्टचं काय? डेक्कनजवळच्या एका सभागृहात त्यांचा ‘विवेक’ दाखवणार होते. दाभोलकरांच्या खुनाचा विषय त्यात आहे आणि ज्या पुलावर तो झाला, तो पूल तिथून चालत जाण्याच्या अंतरावर. आम्ही पोचलो तर शटर अर्धं खाली आणि केटररच्या पावतीमागे बॉलपेनने लिहून चिकटवलेलं : ‘कार्यक्रम रद्द. चौकशी करू नये.’ आयोजक बिचारे प्रोजेक्टर स्कूटरच्या पायाशी ठेवून भर पावसात माफी मागत होते. व्यवस्थापक आधी ‘लाइट गेलेत’ म्हणाले. आत पंखा फिरत होता.

आपला बातमीदार तिथेच होता. फोन कुणाचा आला, हे त्याने माझ्यादेखत विचारलं आणि व्यवस्थापकांनी हळू आवाजात का होईना, सांगितलंही. दुसऱ्या दिवशी आपल्या अंकात साडी महोत्सवाच्या जाहिरातीखाली दोन ओळी : ‘तांत्रिक कारणामुळे माहितीपटाचा खेळ रद्द’. पोराला दोष देत नाही, त्याने लिहून दिलंच असणार. ते कापलं कुणी? तेव्हाही मी पत्र टाकलं होतं. छापलं नाहीत. जागेअभावी असेल.

केरळच्या महोत्सवात २०१९ साली हाच ‘विवेक’ अडवला, तेव्हा निदान केंद्राच्या माहिती व प्रसारण मंत्रालयाचं नाव तरी कळलं होतं. उच्च न्यायालयात जाता आलं. आमच्याकडे एक फोन पुरतो, आणि वर पेपर म्हणणार तांत्रिक! तेव्हा माध्यमं आणि सत्ता यावर पुढचा लेख लिहून घ्याल तर लेखकाला आपल्याच कचेरीत पाठवा, रिक्षाभाडं वाचेल.

आपला,
एक जुना वर्गणीदार, एरंडवणे

ता. क. : तो रद्द झालेला खेळ दुसऱ्या दिवशी आपल्या ‘आजचे कार्यक्रम’मध्ये पुन्हा छापला होता. त्या सदराचा टाइपही जरा मोठा करा, भिंग लागतं.