सूचना : शेजाऱ्यांच्या येण्या-जाण्याबद्दल

सर्व सभासदांना नमस्कार.

येत्या रविवारी संध्याकाळी 6 वाजता गच्चीवर बैठक आहे. घरटी एकाने यावेच.

दुसऱ्या मजल्यावरच्या ताई रात्री-अपरात्री येतात, दिवसभर पडदे लावतात, यावरून खिडकीतून पाहून बरीच कुजबुज झाली. त्यांच्या परवानगीने सांगतो : त्या असिस्टंट लोको पायलट, म्हणजे रेल्वे इंजिनाच्या सहायक चालक आहेत. ड्युटी कधी पहाटे 3 ला सुटते, मग झोप दिवसाच. भुसावळसारख्या जंक्शनच्या गावात हे सांगावे लागते, याचे फार वाईट वाटते.

• कोणाचेही फोटो ग्रुपवर टाकू नका.
• वॉचमनकडे चौकशा नकोत. शंका असेल तर सरळ त्यांनाच विचारा.
• दुपारी जिन्यात मुलांचे क्रिकेट बंद.
• श्रावणात कानबाईच्या (खानदेशातल्या देवीच्या) दर्शनाचे बोलावणे ताईंनाही जाईल.

– सचिव