हंगलसाहेबांची आठवण ठेवा

महोदय,

नायकांच्या जयंती-पुण्यतिथीला पुरवण्या निघतात, ए. के. हंगल यांच्यासारख्या चरित्र अभिनेत्यांची पुण्यतिथी मात्र चार ओळींतही येत नाही, याचे वाईट वाटते. २६ ऑगस्ट २०१२ रोजी ते गेले. स्वातंत्र्यलढ्यात उतरलेला, शिंपीकाम करून पोट भरलेला, ‘इप्टा’ या नाट्यसंस्थेच्या रंगभूमीवर घडलेला हा माणूस पन्नाशीच्या आसपास हिंदी चित्रपटांत आला आणि २०० हून अधिक चित्रपटांत दिसला. बहुतेकदा बाप, काका, नाहीतर जुना नोकर.

पण ‘शोले’तला अंध इमाम आठवा. गाव गप्प उभे आहे, म्हातारा काठी टेकत पुढे येतो आणि मुलाच्या कलेवरावरून त्याचे हात फिरू लागतात. डोळे निर्जीव, सारे दुःख त्या हातांत. आजही तो प्रसंग लागला की मला पुढचे दिसेनासे होते. तेच हंगल १९८२ च्या ‘शौकीन’मध्ये किती मिश्कील दिसले!

२००६ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले, तरी नव्या पिढीला त्यांचा चेहरा माहीत असतो, नाव नसते. आपल्या रविवार पुरवणीत अशा कलावंतांवर एखादे सदर सुरू करावे, ही कळकळीची विनंती.

– एक चित्रपटप्रेमी वाचक