सान-इन सहलीत जे छापले आणि जे दाखवले नाही : तक्रार व परताव्याची मागणी

प्रति,
मा. व्यवस्थापक,
ग्राहक सेवा विभाग (परदेश सहली)

विषय : सान-इन, जपान या मार्गदर्शित सांस्कृतिक सहलीत कबूल केलेल्या गोष्टी न मिळाल्याबद्दल

संदर्भ : बुकिंगची पावती, छापील माहितीपत्रक आणि आपल्या कार्यालयाचा ईमेल (प्रती सोबत)

महोदय,

गेल्या ऑक्टोबरमध्ये आपल्या कंपनीने नेलेल्या सान-इन सहलीत मी आणि माझे यजमान असे दोघे होतो. माणशी ३ लाख ८५ हजार रुपये आम्ही भरले. परत आल्यावर आपल्या कार्यालयाला थोडक्यात ईमेल केला. त्याचे उत्तर आले आणि ते वाचूनच हे सविस्तर पत्र लिहायची वेळ आली.

हॉटेलात टॉवेल कमी पडले, बसचा एसी चालत नव्हता, असली ही तक्रार नाही. ते सगळे उत्तम होते. तक्रार अशी आहे की ज्या गोष्टींची छायाचित्रे छापून आपण ही सहल विकली, त्यांतल्या बऱ्याचशा आपणच ठरवलेल्या तारखांना आणि वारांना बघायला मिळणे शक्य नव्हते. आणि हे माहितीपत्रक छापायच्या आधीच कळण्यासारखे होते.

तोक्यो, क्योतो, फुजी ही वारी आमची पूर्वीच झालेली आहे. सान-इन निवडले ते मुद्दाम. होन्शू बेटाची जपानच्या समुद्राकडची ही पश्चिमेची बाजू, म्हणजे मुख्यतः तोत्तोरी आणि शिमाने हे दोन प्रांत. लोकसंख्येत देशात सर्वांत लहान तोत्तोरी, त्याच्या पाठोपाठ शिमाने. बुलेट ट्रेन तिथे पोचलेली नाही, गाड्या तुरळक, इंग्रजी पाट्या त्याहून तुरळक. साठी ओलांडलेल्या माणसांनी तिथे आपले आपण फिरणे अवघड, म्हणून तर कंपनी गाठली. आपल्याला पैसे दिले ते विमानाच्या तिकिटासाठी नव्हे. तिथले कुठे काय, कधी असते हे माहीत असलेला माणूस बरोबर असावा, यासाठी दिले.

माझे माहेर सावंतवाडीकडचे. जत्रेत देवळासमोर रात्रभर चालणारा दशावतार बघत मी मोठी झाले. त्यामुळे माहितीपत्रकाच्या पहिल्याच पानावर इवामी कागुराचा फोटो दिसला आणि आमचे ठरले. इवामी हा शिमानेचा पश्चिम भाग. देवादिकांच्या कथा मुखवटे घालून, जड जरीच्या वेशात, ढोल-बासरीच्या जलद ठेक्यावर तिथे नाचून सांगतात. नाचणारे गावातलेच, दिवसा आपापल्या कामाला जाणारे लोक. सर्वांत गाजलेली कथा यामाता नो ओरोचीची : आठ तोंडांचा सर्प, त्याला साके, म्हणजे तांदळाची दारू, पाजून झिंगवणारा आणि मग मारणारा सुसानोओ देव. ही सर्पाची अंगे बांबू आणि हातकागदाची करतात, एकेक सतरा मीटरच्या आसपास लांब, आणि आत एकच माणूस असतो. युनोत्सु या गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावी तात्सुनोगोझेन देवळात हा खेळ होतो, तो शनिवारी रात्री. आपण आम्हाला युनोत्सुला न्यायचे ठरवले होते बुधवारी.

शनिवारी रात्री आम्ही कुठे होतो? ओसाकाला, दोतोनबोरीत, धावणाऱ्या माणसाच्या रोषणाईच्या पाटीसमोर. मुंबईहून निघण्याचा वार तीन दिवस पुढे सरकवला असता तर तीच सहल, तेवढ्याच पैशांत, शनिवारी युनोत्सुला पोचली असती. एवढे करायला एक फोन पुरला असता.

बरे, बुधवारी तरी युनोत्सु दिसले का? तेही नाही. इवामी गिन्झानची चांदीची खाण २००७ साली जागतिक वारशाच्या यादीत गेली, त्या वारशात हे गावसुद्धा येते. अरुंद रस्ता, दोन्ही बाजूंना जुन्या लाकडी सराया, आणि संध्याकाळी युकाता, म्हणजे सुती किमोनो, घालून सार्वजनिक न्हाणीघराकडे निघालेले लोक, असे वर्णन आपणच छापले होते. सरायीत मुक्कामही लिहिला होता. प्रत्यक्षात आम्हाला इझुमो शहरात स्टेशनसमोरच्या बिझनेस हॉटेलात उतरवले. कारण विचारल्यावर ‘सरायीत एवढ्या खोल्या मिळाल्या नाहीत’ असे सांगितले. सहल भरल्यावर खोल्या शोधायला सुरुवात केली होती की काय, हा प्रश्न मी टूर मॅनेजरना विचारला नाही. आपल्याला विचारते.

आता महिन्याबद्दल. जाहिरातीत ठळक अक्षरांत होते : ‘जपानचे सर्व देव इझुमोला जमतात त्या महिन्यात’. ही समजूत खरीच आहे. वर्षाच्या दहाव्या महिन्यात देशभरचे देव इझुमो ताइशाच्या देवळात येतात, म्हणून बाकी देशात तो ‘देव नसलेला’ महिना आणि इझुमोत ‘देव असलेला’. पण हा दहावा महिना जुन्या चांद्र पंचांगातला. त्या महिन्याच्या दशमीला इनासाच्या समुद्रकिनाऱ्यावर देवांचे स्वागत होते, आणि तो दिवस साधारण नोव्हेंबरात येतो, कधी त्याच्याही पुढे जातो. आपल्या कार्यालयात कोणीतरी ‘दहावा महिना’ वाचले आणि ऑक्टोबर लिहून टाकले, याखेरीज मला दुसरे कारण दिसत नाही. कोजागरी दर वर्षी एकाच तारखेला येत नाही हे ज्या घरांत सगळ्यांना माहीत असते, त्या घरांतल्या माणसांना ही सहल विकली आहे. आम्ही पोचलो तेव्हा देवांना यायला अजून बरेच दिवस होते.

‘स्थानिक इतिहासतज्ज्ञ मार्गदर्शक संपूर्ण प्रवासात सोबत’ हे वाक्य माहितीपत्रकात तीन ठिकाणी आहे. असा कोणी आला नाही. मुंबईहून आलेले टूर मॅनेजर हेच मार्गदर्शक. मुलगा अतिशय सज्जन, सामान उचलणारा, औषधे आणून देणारा. त्याच्याविरुद्ध माझी काही तक्रार नाही आणि या पत्राचा राग कृपया त्याच्यावर काढू नये. पण सान-इनला तो पहिल्यांदाच येत होता आणि बसमध्ये मोबाइलवर वाचून दाखवत होता. इझुमो ताइशाला त्याने आम्हाला सांगितले, दोनदा वाकायचे, दोन टाळ्या, पुन्हा एकदा वाकायचे. जपानात बहुतेक देवळांत तसेच असते. इझुमोत टाळ्या चार. शेजारी उभ्या असलेल्या एका आजींनी हसत हसत चार बोटे दाखवली आणि आमच्याबरोबर पुन्हा नमस्कार केला, म्हणून कळले.

त्याच देवळाच्या अंगणात फरशीवर मोठमोठी वर्तुळे आखलेली आहेत. आमचा सगळा गट त्यांच्यावरून चालत गेला. २००० साली तिथे खोदकामात प्रचंड खांबांचे बुंधे सापडले : सुगी या जपानी सूचिपर्णी जातीची तीन झाडे एकत्र बांधून केलेला एकेक खांब, जाडी सुमारे तीन मीटर. आजचे मुख्य देऊळ २४ मीटर उंच आहे. पूर्वीचे ४८ मीटर होते अशी जी परंपरा सांगतात, तिला या शोधाने एकदम वजन आले. हे सगळे मी परतल्यावर वाचले. मुख्य देवळाच्या मागे एका छोट्या देवळाशी लोक पिशव्यांतून वाळू आणून ठेवत होते आणि तिथली थोडी घेऊन जात होते. आमच्यातल्या कोणाला ते काय करताहेत ते कळेना. इनासाच्या किनाऱ्यावरची वाळू आणून तिथे वाहायची आणि आधीच्यांनी वाहिलेली, आता पवित्र झालेली वाळू घरी न्यायची, अशी प्रथा आहे. किनारा देवळापासून चालत जाण्याच्या अंतरावर. आम्हाला तिथे नेलेच नाही, कारण दुपारच्या जेवणाची वेळ गाठायची होती.

इवामी गिन्झानला याहून वाईट झाले. सोळाव्या शतकात ही खाण सुरू झाली, १५३३ मध्ये शिशाच्या साहाय्याने धातू शुद्ध करण्याची नवी पद्धत तिथे आली आणि पुढे जपानी चांदी आशियाभर, युरोपपर्यंत गेली. खाण १९२३ साली बंद पडली. आज ओमोरी हे लहानसे गाव आणि डोंगरात शेकडो बोगद्यांची तोंडे उरली आहेत. बस गावातून वर जात नाही. लोकांना नेहमी खुला असलेला र्‍युगेन्जी बोगदा गावापासून दोन किलोमीटरहून जास्त, आणि रस्ता चढाचा. आपल्या माहितीपत्रकात याला ‘आरामशीर फेरफटका’ म्हटले आहे. वेळ दिला दीड तास, त्यात स्वच्छतागृह आणि फोटो. आमच्या गटात गुडघ्याचे ऑपरेशन झालेल्या दोन बायका होत्या. विजेवरच्या सायकली भाड्याने मिळतात, पण सत्तरीतल्या माणसाला सायकलवर बसा म्हणणे हे काही नियोजन नव्हे. निम्मा गट अर्ध्या वाटेवरून परतला. आणि छापील कार्यक्रमात होता तो र्‍युगेन्जी नव्हेच, त्याहून मोठा ओकुबो बोगदा. तो ठरावीक वारी, आगाऊ नोंदणी करून, तिथल्या मार्गदर्शकाबरोबरच बघता येतो. नोंदणी कोणीही केली नव्हती.

बाकीचे थोडक्यात लिहिते. ‘पेटलेली तातारा भट्टी’ असा फोटो होता. लोहवाळू आणि कोळसा यांपासून तलवारीचे पोलाद काढण्याची ही जुनी भट्टी आता ओकुइझुमोत फक्त थंडीच्या दिवसांत पेटते, आणि ती पर्यटकांसाठी नसते. आम्ही यासुगीतल्या संग्रहालयात तिची चित्रफीत पाहिली. तसे असेल तर तसेच छापावे. हातकागदाची कार्यशाळा रद्द झाली. सेकिशू कागद हामादा शहराच्या बाजूला बनतो, २००९ पासून तो युनेस्कोच्या यादीत आहे. आमच्या मार्गावर हामादा नव्हतेच, मग कार्यशाळा छापली कशाच्या जोरावर? ती दुपार हिरोशिमाजवळच्या एका मॉलमध्ये गेली. आदाची कलासंग्रहालयाची बाग काचेआडून, एकेका खिडकीशी थांबून बघायची असते. त्यासाठी मिळाली चाळीस मिनिटे.

शाकाहाराचे माणशी १८ हजार वेगळे घेतले होते. त्या बदल्यात बहुतेक रात्री गरम पाणी घालून खायची पाकिटे. इझुमोत वारिगो सोबा, म्हणजे कुट्टूच्या पिठाच्या शेवया, खायला घातला, ‘पूर्ण व्हेज’ असे सांगून. सोब्याच्या रसात दाशी, म्हणजे उकळून काढलेला अर्क, असते आणि ती सहसा सुकवलेल्या माशाची. बरोबरच्या एका ताईंना शंका आली, त्यांनी मोबाइलवर भाषांतर करून मालकाला विचारले, त्याने प्रामाणिकपणे मासा असे सांगितले आणि उलट तोच ओशाळला. आधी कळवले असते तर त्याने कोम्बूची, म्हणजे समुद्री शेवाळाची, दाशी केली असती, असेही तो म्हणाला. त्या ताई चार दिवस नीट जेवल्या नाहीत.

चांगले झाले तेही लिहायला हवे. मात्सुएच्या किल्ल्याभोवतीच्या खंदकात होडीतून फेरी झाली, पूल इतके ठेंगणे की होडीचे छप्पर खाली येते आणि सगळ्यांनी वाकायचे. १६११ साली बांधलेला तो लाकडी किल्ला आत शिरून, उभे जिने चढून पाहिला. एका जुन्या चहाघरात माच्चा, म्हणजे हिरव्या चहाची पूड घुसळून केलेला चहा, आणि गोड वडी मिळाली, तिथे कोणी घाई केली नाही. तोत्तोरीच्या वाळूच्या टेकड्यांवर वारा होता, मजा आली. म्हणजे जे कुठल्याही दिवशी, कुठल्याही महिन्यात, कोणालाही बघता येते ते आम्हाला दिसले. जे माहितगाराशिवाय दिसत नाही तेवढे राहिले.

आपल्या ईमेलमध्ये एकच मुद्दा आहे : ‘कार्यक्रमात बदल करण्याचा अधिकार कंपनी राखून ठेवते’. वादळ आले, दरड कोसळली, रस्ता बंद झाला, तर बदल समजू शकतो. पण कागुराचा वार बदलला नाही, पंचांग बदलले नाही, डोंगराचा चढ वाढला नाही. या अटीच्या आडोशाने, होणार नाही हे माहीत करून घेता येईल अशी गोष्ट विकता येत नाही. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ अशा प्रकाराला सेवेतील त्रुटी आणि दिशाभूल करणारी जाहिरात म्हणतो.

माझी मागणी अशी. सरायीच्या मुक्कामातला फरक, न आलेल्या मार्गदर्शकाचे मानधन, कागुरा, ओकुबो बोगदा आणि कागदाची कार्यशाळा यांचे पैसे आणि शाकाहाराची पूर्ण रक्कम मिळून माणशी ९० हजार, दोघांचे १ लाख ८० हजार रुपये परत मिळावेत. हा आकडा माझा अंदाज आहे. आपण सहलीच्या खर्चाचा तपशील दिलात आणि तो वेगळा निघाला तर तो मान्य करायला मी तयार आहे, पण मग तपशील कागदावर हवा. ‘पुढच्या सहलीवर सवलत’ मला नको. सहलीतल्या आणखी काही जणांना या पत्राची प्रत दिली आहे, त्यांचे ते स्वतंत्रपणे लिहितील.

दुसरी मागणी पैशांची नाही. पुढच्या वर्षीच्या सान-इन सहलीची जाहिरात आपल्या संकेतस्थळावर आजही आहे. महिना ऑक्टोबर, ‘देव जमतात तो महिना’ हे शब्द तसेच, भट्टीचा फोटो तोच, आणि युनोत्सुला पोचण्याचा वार पुन्हा बुधवार. ती जाहिरात दुरुस्त होईपर्यंत काढून घ्यावी.

हे पत्र मिळाल्यापासून १५ दिवसांत लेखी उत्तर अपेक्षित आहे, ईमेल चालेल. उत्तर न आल्यास, किंवा पुन्हा तीच अट पाठवल्यास, पुण्याच्या जिल्हा ग्राहक आयोगाकडे तक्रार दाखल करीन. ग्राहक राहतो तिथे ती करता येते आणि त्यासाठी दोन वर्षांची मुदत असते, याची चौकशी केलेली आहे.

कळावे,
आपली,
बुकिंगधारक प्रवासी, पुणे
(नाव, पत्ता व दूरध्वनी सोबतच्या पावतीवर)

सोबत : पावतीची प्रत, माहितीपत्रकाची चार पाने, बिझनेस हॉटेलची चेक-इन पावती, शाकाहारासाठी घेतलेल्या जादा रकमेची नोंद, आपला ईमेल.