फसलेल्या बाईचा सिनेमा काढताना

महोदय,

कमी पैशांत गावाकडचे सिनेमे काढणाऱ्या तरुण दिग्दर्शकांवर आपल्या रविवार पुरवणीत लेख आला होता. त्यांच्यातलाच एक मुलगा, विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकलेला, मध्यंतरी पटकथा घेऊन माझ्याकडे आला. मी बँकेतून रोखपाल म्हणून निवृत्त झाले, म्हणून. गोष्ट बीड जिल्ह्यातल्या केज तालुक्यातल्या एका विधवेची. नवऱ्याने आत्महत्या केलेली आणि मिळालेल्या सरकारी मदतीवर दोन ठग टपलेले. मी त्याला जे सांगितलं ते असे सिनेमे काढणाऱ्या इतरांच्याही कामी येईल.

त्याचे ठग पुण्याहून गाडी घेऊन येतात आणि दामदुप्पट म्हटल्याबरोबर बाई भुलते. आमच्याकडे ठग गाडीतून येत नाही. तो तिच्या माहेरच्या गावचा असतो, 'आक्का' म्हणत ओसरीवर टेकतो, लेकराची कितवी विचारतो. आत्महत्याग्रस्त शेतकऱ्याच्या कुटुंबाला सरकार १ लाख रुपये देतं, तेही प्रकरण 'पात्र' ठरलं तर. त्यातले ३० हजार आधी मिळतात आणि ७० हजार मासिक प्राप्ती योजनेत ठेवले जातात. त्यांची मुदत कधी संपते हे बाईच्या ध्यानात नसतं, एजंटाला मात्र पक्कं ठाऊक असतं.

मग ती ते पैसे उचलून मल्टिस्टेटमध्ये, म्हणजे अनेक राज्यांत चालणाऱ्या पतसंस्थेत, का ठेवते? पटकथेत उत्तर होतं, हाव. मी म्हटलं, बाबा, आधी बँकेत काउंटरच्या बाहेरच्या बाजूला एक दिवस उभा राहून बघ. स्लिप भरून द्यायला कुणी नाही. केवायसी आणा, नेट बंद आहे, उद्या या. कडेवर लेकरू आणि परतीची जीप सुटायच्या बेतात. मल्टिस्टेटमध्ये गेलं की 'बसा मावशी', थंड हवा, पाणी, चहा. फॉर्म तेच भरतात, अंगठा कुठे करायचा तेवढं दाखवतात. पहिल्या महिन्याचं व्याज ठरल्या तारखेला हातात. आणि मुख्य म्हणजे दिराला कळत नाही. हे कारण पुरुष लेखकांना सुचत नाही! बँकेत गावचं कुणीतरी भेटतंच आणि संध्याकाळी दीर दारात उभा. सासरच्यांना चोरून ठेवलेला पैसा बुडाला तर ओरडायची सोय राहत नाही, हे ठगाला चांगलं माहीत असतं. नाट्य शोधायचं तर इथे शोधा.

दुसरा प्रकार अंगठ्याचा. निराधार योजनेचे दीड हजार, लाडक्या बहिणीचे दीड हजार बाया गावातल्याच एजंटाच्या मशीनवर अंगठा लावून काढतात. 'लागला नाही मावशी, परत ठेवा.' ऊस तोडून, खुरपून बोटांच्या रेषा झिजलेल्या, त्यामुळे कधी कधी तो खरंच लागत नाही. म्हणून तिला संशय येत नाही, ती पुन्हा पुन्हा ठेवते आणि दर वेळी खात्यातून पैसे निघून मशीनवाल्याच्या खिशात जातात. पावती कुणी देत नाही, आणि मेसेज जातो पुतण्याच्या मोबाइलवर. हा प्रसंग संवादाशिवाय, नुसता बोटांवर कॅमेरा ठेवून घे म्हटलं. ते त्याने लगेच लिहून घेतलं.

शेवटी त्याच्या पटकथेत पोलीस ठगांना पकडतात आणि पैसे परत मिळतात. इथे मला हसू आलं. १९९९ च्या ठेवीदार संरक्षण कायद्याखाली गुन्हा नोंदतात, संचालकांची मालमत्ता जप्त होते, मग कोर्ट, मग लिलाव, मग वाटप. तोवर तिची पोरगी लग्नाला येते. बँकेतल्या ठेवीला ५ लाखांपर्यंत विमा असतो, मल्टिस्टेट पतसंस्थेच्या ठेवीला नसतो. पाटीवर मात्र 'भारत सरकार' हे शब्द मोठ्या अक्षरांत, कारण नोंदणी दिल्लीच्या केंद्रीय निबंधकाकडे. तिला ती सरकारी बँकच वाटते, आणि का वाटू नये? गेल्या काही वर्षांत बीड जिल्ह्यात शाखांना कुलपं लागली तेव्हा त्या दारांत शिकलेली माणसंही पावत्या घेऊन उभी होती.

'मग शेवट काय करू?' त्याने विचारलं. दसरा झाला की तिला उचल, म्हणजे आगाऊ मजुरी, घेऊन ऊसतोड टोळीबरोबर साखर कारखान्यावर जाऊ दे, मी म्हटलं. तो जरा नाराज झाला. निर्मात्याला असा शेवट चालणार नाही म्हणाला. बघू.

आता विनंती. हा सिनेमा झाला तर अजिंठा-वेरूळ चित्रपट महोत्सवात लागावा, जाणकारांनी नावाजावा. पण गुढीपाडव्याच्या सुमारास टोळ्या गावी परततात, तेव्हा केज, धारूर, वडवणीतही दाखवा, बचत गटाच्या बैठकीनंतर, शाळेच्या भिंतीवर पडदा लावून. खर्च बँकांनी उचलावा. आर्थिक साक्षरतेच्या नावाखाली त्या भिंतींना जी पोस्टरं चिकटवतात, ती वाचता येणाऱ्यांनाच उपयोगी पडतात. अंबाजोगाईतल्या खेळासाठी प्रोजेक्टरचं भाडं मी देईन.

एक निवृत्त रोखपाल, अंबाजोगाई
(कृपया नाव छापू नये)