भोके बुजवली म्हणजे कीड गेली असे नव्हे

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

लाकडी सामानाला बारीक भोके दिसली, की त्यांत मेण किंवा पुट्टी भरून वरून पॉलिशचा हात मारावा, असा सल्ला सर्रास दिला जातो. तो निरुपयोगी आहे, कारण ही भोके किडा आत शिरल्याची नसून वाढ पूर्ण झालेला भुंगा बाहेर पडल्याची असतात. खरी नासधूस करते ती अळी, आणि ती जातीनुसार काही महिन्यांपासून तीन-चार वर्षांपर्यंत, बाहेर कसलीही खूण न दाखवता लाकूड आतून पोखरत असते.

म्हणून कीड अजून जिवंत आहे का, हे आधी पाहावे. सामान स्वच्छ पुसून दिसतील तेवढ्या भोकांभोवती पेन्सिलने खुणा कराव्यात, गळणारा भुसा दिसावा म्हणून खाली गडद कागद पसरावा आणि भुंगे बाहेर पडण्याचा एक हंगाम तरी वाट पाहावी. सामान हलवल्यानेही जुना भुसा गळतो, तेव्हा नुसत्या भुशावर भिस्त नको. खुणा केलेल्यांखेरीज नवे, स्वच्छ कडांचे भोक दिसले तरच उपचाराचा खर्च करावा. जमिनीतून येणाऱ्या वाळवीशीही याची गल्लत होते, पण ती मातीच्या नळ्या बांधते आणि तिचा बंदोबस्त पूर्णपणे वेगळा असतो.

उपचार करताना पॉलिशवर औषध लावणे व्यर्थ आहे, कारण ते आत मुरतच नाही. बोरिक आम्ल व टाकणखाराचे द्रावण कोऱ्या लाकडात, म्हणजे खालच्या बाजूला, पाठीला आणि खणांच्या आतून लावावे. सुईने भोकात सोडलेले औषध भुशाने ठासलेल्या बोगद्यांत फार खोल जात नाही. लहान वस्तू प्लॅस्टिकच्या पिशवीत हवाबंद करून उणे 18 अंश सेल्सिअसला साधारण दोन आठवडे ठेवता येते. मात्र बाहेर काढल्यावर ती नेहमीच्या तापमानाला येईपर्यंत पिशवी उघडू नये, नाहीतर लाकडावर दव धरते.

नव्या सामानात मुळात भुंगा येतो तो बहुधा खोडाच्या बाहेरच्या, फिकट रंगाच्या लाकडातून, कारण पीठ पाडणाऱ्या भुंग्याच्या अळीला त्यातला स्टार्च लागतो. सागाचा गाभा टिकाऊ असला तरी त्याचा हा फिकट भाग सुरक्षित नसतो. सुताराकडून तो काढून घ्यावा आणि न दिसणाऱ्या बाजूंनाही पॉलिश करून घ्यावे, कारण मादी अंडी घालते ती कोऱ्या लाकडाच्या उघड्या रंध्रांतच.

आपला,
एक वाचक